गुलमोहराच्या ओंडक्यातले लाल वाणी डब्यात आणल्यावर का मरतायत?

नमस्कार दादा, प्रश्न काल रात्रीच वाचला होता, पण घाईत दोन ओळी टाकण्यापेक्षा आज सकाळी चहा घेऊन निवांत बसले, त्यामुळे उत्तर जरा लांब होणार, सांभाळून घ्या.

ज्यांनी प्रश्न वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: दादा पुण्यात वारज्याला राहतात. दोन पावसाळ्यांपूर्वी सोसायटीतला गुलमोहर पडला, तेव्हा त्याचा हातभर ओंडका त्यांनी ऑर्किड बांधायला म्हणून टेरेसवर आणला, ऑर्किड काही लागलं नाही, ओंडका कोपऱ्यात कुजत राहिला. यंदा जुलैत तो उचलला तर सालीखाली लालबुंद, चकचकीत, बोटाएवढे लांब, भरपूर पायांचे १४ किडे, म्हणजेच वाणी, एकमेकांना बिलगून बसलेले. लेक तिसरीत आहे, ती हटून बसली की पाळायचेच. मग प्लॅस्टिकचा डबा, त्यात कोकोपीट आणि थोडी नर्सरीची माती, वर काकडी-गाजराच्या चकत्या, तोंडाला मच्छरदाणीचं कापड. तीन आठवड्यांत ५ मेले, ३ कुठेच दिसत नाहीत, उरलेले ६ डब्याच्या भिंतीवर चढून बसतात. लेकीच्या बोटांवर तपकिरी डाग पडलेत आणि घरात आजी म्हणतायत की हे विषारी आहे, फेकून द्या.

तुम्ही चार प्रश्न विचारलेत. जात कुठली, विषारी आहे का, खायला काय घालू, की सोडून देऊ. पण मला अडकवलं ते तुमच्या एका वेगळ्याच वाक्याने, जे तुम्ही जाता जाता लिहिलंत, "वाळवी लागेल म्हणून आईने ओंडका खाली टाकायला लावला." दादा, तिथेच घोळ झालाय. किडे डब्यात आले, पण त्यांचं घर, स्वयंपाकघर, पाण्याची टाकी आणि बाळंतिणीची खोली असं सगळं त्या ओंडक्याबरोबर खाली गेलं.

मी स्वतः बारा वर्षं घरी वाणी पाळतेय, सोसायट्यांचे कंपोस्टचे खड्डे लावून देणं हे माझं काम, आणि शाळेतल्या मुलांना मातीतले जीव दाखवायला अधूनमधून जाते. सुरुवातीला मीही हेच केलं होतं, कोकोपीट आणि काकडी. माझे तर सगळेच गेले होते, तुमचे ९ अजून असतील असं धरायला जागा आहे.

नावाचं आधी उरकते. यांना आपल्याकडे वाणी म्हणतात, काही ठिकाणी पैसा म्हणतात कारण हात लावला की नाण्यासारखी गुंडाळी करतात (वाणी काय आणि पैसा काय, दोन्ही नावं दुकानातली). गोम नाही ही. गोम चपटी, पळते सुसाट, अंगाच्या एका भागाला पायांची एकच जोडी, आणि ती चावते. वाण्याच्या बहुतेक रिंगांना दोन-दोन जोड्या, चाल संथ, आणि चावायला त्याच्याकडे काही नाही. तुमच्या फोटोतला लालसर तपकिरी, गोल अंगाचा, पाच-सहा सेंटिमीटरचा वाणी बघून मला बऱ्यापैकी वाटतंय की हा ट्रायगोनियुलस कोरॅलिनस असावा, इंग्रजीत त्याला गंजक्या रंगाचा वाणी अशा अर्थाचं नाव आहे. हा आपल्या आशियातलाच, पण कुंड्या आणि माती यांच्याबरोबर प्रवास करत पार कॅरिबियन बेटं आणि फ्लोरिडापर्यंत पोचलाय. २०१५ मध्ये वाण्यांपैकी पहिल्यांदा ज्याचा जीनोम, म्हणजे सगळी आनुवंशिक माहिती, वाचला गेला तो हाच, म्हणजे तुमच्या टेरेसवरचा पाहुणा तसा नामांकित आहे. पण "असावा" हेच म्हणेन. वाण्याची जात रंगावरून छातीठोक सांगता येत नाही, त्यासाठी नराचे विशिष्ट पाय सूक्ष्मदर्शकाखाली बघावे लागतात, फोटो बघून खात्रीने नाव सांगणाऱ्यावर फार विश्वास ठेवू नका, माझ्यावरही नाही. पाळण्यापुरतं एवढं कळलं तरी पुरे की हा गोल अंगाचा, कुजक्या लाकडात राहणारा आहे.

आता विष. चावत नाही, डंख मारत नाही. पण दोन्ही बाजूंना रिंगेगणिक बारीक छिद्रं असतात, जास्त त्रास दिला की तिथून पिवळट रस येतो, त्यात बेंझोक्विनोन नावाची रसायनं असतात आणि ती कातडीला रंग लावतात. मेंदीचा रंग ज्या द्रव्याने चढतो ते याच रसायनांचं लांबचं भावंड आहे, म्हणून लेकीच्या बोटावरचा डाग साबणाने जात नाहीये, तो मेंदीसारखाच हळूहळू कातडीबरोबर उतरेल, आठवडा-दोन आठवडे धरून चाला. आग होत नसेल, फोड नसेल तर काळजीचं कारण नाही. खरी काळजी डोळ्यांची. वाणी हाताळलेलं बोट डोळ्यात गेलं तर चांगलंच झोंबतं, तसं झालं तर भरपूर पाण्याने डोळा धुवायचा आणि डोळ्यांच्या डॉक्टरकडे जायचं, घरचे प्रयोग करायचे नाहीत. आणि एक, असा डाग पायावर पडला, म्हणजे चपलेत वाणी चिरडला गेला, तर तो मुका मार लागल्यासारखा काळानिळा दिसतो, डॉक्टरसुद्धा चक्रावतात, तेव्हा आधीच सांगून टाकायचं. आजींना हेही सांगा की व्हेनेझुएलातली कॅपुचिन माकडं असे वाणी पकडून मुद्दाम अंगाला चोळतात, त्या रसाने डास लांब राहतात म्हणून. आजी ऐकतील की नाही ते तुमचं तुम्ही बघा.

तर आता लाकूड. यावर मी जास्त लिहिणार आहे कारण सगळं यावर आहे.

वाणी लाकूड खातो असं आपण म्हणतो, पण तुम्ही त्याला सुताराकडचा ताजा भुसा दिलात तर तो त्याच्याकडे ढुंकून बघणार नाही, बघितलं तरी जगणार नाही. लाकडातला चिवट भाग फोडायचं काम आधी बुरशी करते. बुरशीने पोखरून मऊ केलेलं, बॅक्टेरिया चढलेलं, भिजलेलं लाकूड त्याच्या पोटाला चालतं, म्हणजे खरं तर आपण अंबवलेल्या पिठाचा डोसा खातो तसा प्रकार. एकदा खाऊन पुरतही नाही. तो बारीक लेंड्या टाकतो, त्यांच्यावर पुन्हा बुरशी-बॅक्टेरिया चढतात आणि तो त्या परत खातो. म्हणून डबा "स्वच्छ" ठेवायच्या नादात लेंड्या काढून टाकणं म्हणजे भरलेलं ताट उचलून नेणं. अमेरिकेत ॲपलेशियन डोंगरात ब्रॅकिसिबी नावाचे गुलाबी-नारिंगी वाणी असतात, चपटे, पिसासारखे दिसणारे, ते पडलेल्या ओंडक्यांवर घोळक्याने राहतात आणि लाकडापेक्षा त्यावरच्या बुरशीवरच जगतात, त्यांच्यात अंड्यांभोवती वेटोळं घालून नर बसतो, मादी नाही. सांगायचं कारण एवढंच की ही मंडळी जगात कुठलीही असोत, त्यांचा संसार बुरशी लागलेल्या लाकडावर चालतो.

आता कुजकं लाकूड म्हणजे कुठलंही कुजकं लाकूड नाही. कुजण्याचे ढोबळ दोन प्रकार पडतात. एकात लाकूड गडद तपकिरी होतं आणि त्याचे चौकोनी तुकडे पडतात, मैसूरपाक मोडावा तसे. दुसऱ्यात लाकूड फिकट पडतं, पांढुरकं, धागेधागे सुटतात, दाबलं की स्पंजसारखं दबतं आणि पाणी येतं. आपल्याला हे दुसरं हवं. पहिल्यात बुरशीने चांगला भाग खाऊन टाकलेला असतो आणि मागे उरतो तो नुसता चिवट चोथा. माझी परीक्षा साधी आहे: अंगठ्याचं नख दाबायचं, सहज रुतलं पाहिजे. मग तुकडा हाताने मोडायचा, कोयता लागला तर ते अजून तयार नाही. मग वास घ्यायचा. पहिल्या पावसात मातीला येतो तसा किंवा ताज्या आळंबीसारखा वास आला तर घरी आणा, आंबट किंवा गटारासारखा आला तर तिथेच सोडा.

गुलमोहर या बाबतीत फार उत्तम, लाकूड हलकं, पुण्यात दर पावसाळ्यात पडतो, दोन वर्षांत मस्त मऊ होतो. शिरीष, पर्जन्यवृक्ष, आंबा, उंबर, हेही मी वापरलेत. कडुनिंब आणि निलगिरी मी घेत नाही, पाइनसारखी राळवाली लाकडंही नाही. पॅकिंगची खोकी, प्लायवूड, रंग लावलेलं काहीही अजिबात नको. टेकडीवरून किंवा ताम्हिणी-भीमाशंकरच्या अभयारण्यातून उचलून आणू नका, ती जागा त्या लाकडाचीच आहे आणि अभयारण्यातून परवानगीशिवाय काही उचलणं कायद्यातही बसत नाही. सोसायटीत, ओळखीच्या शेतावर, बंगल्यांच्या मागच्या कोपऱ्यात जुनी झाडं पडलेली असतात, वॉचमनला विचारलं की तो उलट खूष होतो.

तुमच्या डब्यात नक्की कशाने मेले हे मी इथे बसून सांगू शकत नाही, तीन शक्यता आहेत आणि त्या तिन्ही एकदमही असू शकतात. पहिली सुकणं. वाण्याच्या अंगावर किड्यांसारखा मेणाचा चांगला थर नसतो, अंगातलं पाणी भराभर उडतं, म्हणून तर तो पावसाळ्यात बाहेर दिसतो आणि एरवी गायब. तुमचा डबा हॉलमध्ये आहे, तोंडाला जाळी आहे आणि वर पंखा आहे. ऑगस्टमध्ये बाहेर कितीही ओल असली तरी पंख्याखाली तो डबा म्हणजे पापड वाळवायची जागा. कोकोपीट वरून सुकतं आणि तळाला चिखल राहतो, तुम्ही वर पाणी मारता आणि वाटतं ओल आहे. दुसरी उपासमार. काकडी, गाजर हे ते खातात, आवडीने खातात, पण ती कोशिंबीर झाली, भाकरी कुठे आहे? कोकोपीटमध्ये पोषण जवळजवळ नाहीच. तिसरी नर्सरीची माती. काही ठिकाणी त्यात दाणेदार औषध मिसळलेलं असतं, मुंग्या-हुमणी लागू नये म्हणून, आणि कुंड्यांच्या दृष्टीने ते ठीकही असेल पण वाणी तीच माती खातो. ते भिंतीवर चढून बसतात असं तुम्ही लिहिलंय ना, माझ्या अनुभवात वाणी दिवसाढवळ्या भिंतीवर चढून राहायला लागले तर खालचं काहीतरी त्यांना सोसत नाहीये असं समजायचं. ओल जास्त झाली, वास मारतोय किंवा औषध आहे. म्हणून ती माती आजच बदला, कारण शोधत बसू नका. फक्त बदलताना पुढे लिहिलंय ते आधी वाचा.

ते गायब झालेले ३. मेले असं लगेच धरू नका. वाणी कात टाकतो तेव्हा खाली मातीत जाऊन स्वतःपुरती एक पोकळी करतो आणि आठवडा, दोन आठवडे, मोठा असेल तर त्याहून जास्त तिथे गप्प पडून राहतो. त्या काळात तो पांढुरका आणि लोण्यासारखा मऊ असतो, नख लागलं तरी फाटतो. कात टाकून झाली की ती स्वतःच खातो कारण तिच्यात कॅल्शियम असतं. मी एकदा "बघू तरी काय झालंय" म्हणून चमच्याने उकरलं होतं, चमच्यावर आला तो अर्धा. तेव्हापासून माझ्या घरी नियम आहे की कोणी गायब झालं तर महिनाभर त्याचं नाव काढायचं नाही. तुमची अडचण अशी की माती बदलायचीय आणि तिच्यात हे असू शकतात. मग असं करा, माती उकरू नका, डबा जुन्या पेपरवर आडवा करून ढेकूळ ढेकूळ अलगद सरकवा, एखादं ढेकूळ आतून पोकळ वाटलं किंवा पांढरं काही दिसलं की ते तसंच्या तसं उचलून नव्या डब्याच्या कोपऱ्यात ठेवून द्या. मेलेला ओळखायचा तर वास येतो, आणि अंग सैल पडून रिंगा एकमेकींपासून सुटतात, जुन्या दुर्बिणीसारख्या. तो वास एकदा आला की विसरत नाही.

नवा डबा. पंधरा-वीस लिटरचा साधा झाकणाचा डबा घ्या, जाळी काढून टाका, झाकणाला आणि वरच्या बाजूला तापलेल्या सुईने पंधरा-वीस भोकं पाडा, तेवढी हवा पुरते. आत वीतभर, निदान चार-पाच इंच भर हवीच, कारण कात टाकायला आणि अंडी घालायला खोली लागते. भर काय, तर दोन भाग कुजकं लाकूड हाताने चुरलेलं, दोन भाग अर्धवट कुजलेली पानं, एक भाग झाडाखालची औषध न मारलेली माती, आणि मूठभर अंड्यांची टरफलं खलबत्त्यात कुटून. वाण्याचं कवच चुनखडीने घट्ट झालेलं असतं म्हणून टरफलं. पण पानाचा चुना घालू नका, कोणीतरी हे सुचवेलच, तो जाळतो. वर सुकी पानं आणि सालीचा एक मोठा तुकडा पालथा. पानं आंब्याची, वडाची, गिरिपुष्पाची, काहीही चालतात, पुण्यात ब्राऊन लीफ नावाचा सुक्या पानांची देवाणघेवाण करणाऱ्यांचा ग्रुप आहे, तिथे पोत्याने मिळतात. फक्त ज्या सोसायटीत डासांचा धूर नुकताच मारलाय तिथली पानं घेऊ नका. माझ्याकडे एकदा पेस्ट कंट्रोलवाल्याने जिन्यात फवारलं, मी घरी नव्हते, दार उघडं, दुसऱ्या दिवशी सकाळी दोन डब्यांतले वाणी पाठीवर पडून पाय हलवत होते.

लाकूड ओव्हनमध्ये भाजा, उकळा असं बरेच जण सांगतात. मी नाही करत. ज्या बुरशीसाठी ते लाकूड आणलं तिलाच मारून काय मिळवायचं? मी तुकडे रात्रभर बादलीत बुडवून ठेवते, मुंग्या आणि गोमा बाहेर पडतात, सकाळी एकेक तुकडा हाताने फोडून बघते, विशेषतः गोम राहिली नाही ना हे, कारण ती वाण्यांची पिल्लं खाते. बारीक पांढरे उड्या मारणारे किडे दिसले तर राहू द्या, ते बुरशी खाऊन डबा साफ ठेवतात.

ओल किती? भर मुठीत दाबली की लाडू वळला पाहिजे पण बोटांतून पाणी गळता कामा नये. एका बाजूला जास्त ओल आणि एका बाजूला कमी ठेवा, त्यांचं ते ठरवतात कुठे बसायचं. नळाचं पाणी रात्रभर भांड्यात उघडं ठेवून मग वापरा. आत्ता पावसाळ्यात सोपं आहे, खरी परीक्षा मार्च ते मे. तेव्हा माझा डबा माठाच्या शेजारी, जमिनीवर, गोणपाट गुंडाळून असतो, आणि आत एक फुटक्या माठाचा तुकडा पालथा, त्याच्याखाली सगळे जमा होतात. मे महिन्यात ते खातही नाहीत, वरही येत नाहीत, घाबरून उकरू नका.

आणखी एक गोष्ट, कारण लेकीला आता वेड लागलंय आणि ती पावसात अजून वाणी आणणार. आपल्याकडे दुसरेही रंगीत वाणी दिसतात, काळे, चपटे, दोन्ही कडांना पिवळे ठिपके असलेले, पावसात घोळक्याने चालतात. ते या डब्यात घालू नका. त्या चपट्या गटाचा रस वेगळा असतो, त्यातून हायड्रोजन सायनाइड निघतं, कडू बदामासारखा वास येतो. हातात एखादा घेतला म्हणून माणसाला काही होत नाही, प्रमाण फार कमी. पण बंद बरणीत गोष्ट वेगळी. एकदा मुळशीकडे ओळखीच्यांच्या शेतावरून मी पिवळ्या ठिपक्यांचे दहा-बारा आणि तीन-चार गोल लाल असे एकाच काचेच्या बरणीत, झाकण घट्ट लावून, स्कूटरच्या डिकीत टाकून आणले, चांदणी चौकात ट्रॅफिक, खड्डे, बरणी तासभर हादरत होती. घरी येऊन झाकण उघडलं तर बदामाचा भपकारा आणि लाल सगळे लांब होऊन पडलेले. पिवळ्यांना फारसं काही झालं नव्हतं. बरणीला भोकं पाडायचा आळस केला, दुसरं काही नाही. भडक रंग असतो तो याच कारणाने, खाऊ नका म्हणून पाटी. थायलंडमध्ये तर २००७ मध्ये एका जातीची नोंद झाली जी चक्क राणी कलरची आहे, अंगभर काटे, तीही याच चपट्या सायनाइडवाल्या गटातली.

आजींची वाळवीची शंका. शंका रास्त आहे, हसण्यावारी नेऊ नका, पुण्यात जुन्या घरांत वाळवीने काय होतं ते त्यांनी पाहिलेलं असणार. पण कुजकं लाकूड आणि वाळवीचं लाकूड यात फरक दिसतो. वाळवी मातीच्या नळ्या करते, लाकडावर किंवा भिंतीवर बोटाएवढ्या रुंद मातीच्या रेघा, आणि आत माती भरलेले बोगदे. तशी एकही रेघ दिसली तर ते लाकूड घरात नको, मी आजींच्या बाजूने. नसेल, लाकूड नुसतं मऊ-ओलं-पांढुरकं असेल, तर ती बुरशीची कूज आहे आणि तुमच्या कोरड्या सागवानी कपाटाला तिच्यापासून काही नाही. वाणी तर कपाटाला तोंडही लावणार नाही, त्याचे जबडे तेवढे नाहीत.

म्हणजे आत्तापर्यंतचं असं की डाग निरुपद्रवी, डोळे सांभाळा, कोकोपीट आणि नर्सरीची माती बाहेर, लाकूड आणि पानं आत, पंखा बंद, गायब झालेल्यांना शोधू नका.

सोडून द्यायचे का? यावर मी ठाम नाही. तुमच्याच टेरेसवरचे आहेत, तिथेच सोडलेत तर कुणाचं काही बिघडत नाही, लेकीचं मन दोन आठवड्यांत उडालं तर हेच करा. लांब कुठे टेकडीवर नेऊन मात्र सोडू नका, कुंडीच्या मातीतून आलेला जीव तिथे नेऊन टाकायचं कारण नाही. कुंड्यांना त्रास होईल का, तर सहसा नाही, ते मेलेलंच खातात. पण शंभर टक्के निर्दोष आहेत असंही म्हणणार नाही. विदर्भ-मराठवाड्यात सोयाबीन-कपाशीचे कोवळे अंकुर वाणी कुरतडतात, पेरणीनंतर पाऊस ओढ देतो तेव्हा जास्तच, शेतकरी वैतागलेले असतात आणि त्यांचं बरोबर आहे. टेरेसवर तुम्ही मेथी-पालकाची रोपं टाकली असतील तर त्या वाफ्यातून उचलून बाजूला ठेवायचे एवढंच. मीठ टाकणं, औषध मारणं कशाला.

मेलेले ५ फेकले नसतील तर एका कागदावर सुकवून ठेवा, लेकीला भिंग द्या आणि हातमोजे घालून मोजायला लावा. डोक्यामागची पहिली रिंग कॉलरसारखी असते, तिला पाय नसतात. पुढच्या तीन रिंगांना एकेकच जोडी. पाचव्यापासून दोन-दोन. मग कॉलर धरून सातव्या रिंगेपाशी यायचं आणि खालून बघायचं. तिथे पायांच्या रांगेत खिंड पडल्यासारखी दिसली, चालते पाय नाहीतच असं वाटलं, तर तो नर, त्याचे तिथले पाय आत दुमडून वेगळ्याच कामासाठी बदललेले असतात. रांग अखंड असेल तर मादी, किंवा अजून वयात न आलेला. पायांचा आकडा हजार येणार नाही, तिला आधीच सांगून ठेवा नाहीतर हिरमोड होईल. खरोखर हजाराच्या वर पाय असलेला वाणी २०२१ मध्ये पहिल्यांदा जाहीर झाला, पश्चिम ऑस्ट्रेलियात जमिनीच्या खूप खाली सापडलेला, १३०६ पाय, पांढरा आणि आंधळा. जिवंत वाणी बघायचा असेल तर त्याला काचेच्या ताटलीवर चालू द्या आणि ताटली वर धरून खालून बघा. पाय एकामागून एक उचलले जातात, वाऱ्याने गव्हाच्या शेतात लाट सरकते तशी लाट मागून पुढे जाते, एकही पाय दुसऱ्यात अडकत नाही. माझी बारा वर्षं झाली तरी मी दूध उतू जाईपर्यंत बघत बसते.

आणि सगळ्यात आधी, हे वाचून झाल्याझाल्या, खाली जाऊन तो ओंडका अजून आहे का बघा. तीन आठवडे झालेत, पण पावसात सोसायटीचा हिरवा कचरा बऱ्याचदा भिंतीलगत तसाच पडून असतो. १४ जण एकत्र बिलगून बसले होते म्हणजे त्यात नर-मादी दोन्ही असण्याची शक्यता चांगली आहे, आणि मग त्या लाकडात अंडी असू शकतात. पिल्लं पांढरी, तांदळाच्या कणीएवढी, निघतात तेव्हा पायांच्या जेमतेम तीन जोड्या, लाल रंग नंतर चढतो, त्यामुळे वरवर बघून ओंडका रिकामाच वाटेल. मिळाला तर घरात नका आणू, टेरेसवर सावलीत एका घमेल्यात ठेवा, वर ओलं गोणपाट, म्हणजे आजींचाही मान राहील. त्यातलं सालीखालचं मूठ-दोन मूठ लाकूड डब्यात घाला, बाकीचं फोडू नका. नाही मिळाला तर दुसरं लाकूड सापडेपर्यंत भिजवलेल्या कुजक्या पानांवर पंधरा-वीस दिवस निघतात. काकडी मात्र आत्ताच काढा, एव्हाना तिच्यावर चिलटं झाली असतील.